साडेपंधरा सेंटिमीटरच्या मनगटावर डायव्हर घड्याळ शोभेल का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मनगटाचा घेर १५.५ सेंटिमीटर, डायव्हर घड्याळ (पाणबुड्यांसाठी बनवलेलं, पाण्यात चालणारं) मनात भरलंय, पण ४२ मिलिमीटरचं एक लावून बघितलं तर मनगटाला बशी बांधल्यासारखं दिसलं. मग ३८च्या वरचं बघायचंच नाही का?

बघा की. फक्त तो ४२ किंवा ३८चा आकडा आधी बाजूला ठेवा. माझं मनगट तुमच्यापेक्षा जेमतेम अर्ध्या सेंटिमीटरने जाड आहे आणि पहिलं डायव्हर घेताना मी याच आकड्याच्या नादी लागून फसलो. ४० मिलिमीटर म्हणजे बेताचंच असणार असं धरून चाललो आणि घड्याळ लावून न बघताच मागवलं. आलं तेव्हा डायल छान प्रमाणात होता, पण केसची, म्हणजे घड्याळाच्या धातूच्या डबीची, टोकं मनगटाच्या दोन्ही कडांच्या बाहेर आली होती आणि पट्टा तिथून सरळ खाली लोंबत होता. पट्टा आणि कातडी यांच्या मधल्या फटीत पेन्सिल सहज गेली असती. दोन महिन्यांत ते घड्याळ भावाच्या हातावर गेलं.

व्यासावरून घड्याळ केवढं दिसेल याचा अंदाज येतो. ते नीट बसेल की नाही, हे लग-टू-लग या मापावर ठरतं. पट्टा ज्यांच्यात अडकतो ती केसची चार शिंगं म्हणजे लग. बाराच्या बाजूच्या लगच्या टोकापासून सहाच्या बाजूच्या टोकापर्यंतची लांबी ती लग-टू-लग. जाहिरातीत ती बहुधा छापत नाहीत, शोधावी लागते.

ही लांबी किती फसवते बघा. सेइकोच्या ‘टर्टल’चा व्यास ४५ मिलिमीटरच्या आसपास आणि लांबी सुमारे ४८. ट्यूडरच्या ब्लॅक बे फिफ्टी-एटचा व्यास ३९, आणि लांबी तीसुद्धा सुमारे ४८. व्यासात सहा मिलिमीटरचा फरक असून मनगटावर दोन्ही जवळपास तेवढीच जागा अडवतात. जुनं सेइको एसकेएक्स००७ साधारण ४२.५ मिलिमीटरचं, पण लांबी ४६. म्हणजे कागदावर ‘मोठं’ असलेलं घड्याळ ‘छोट्या’पेक्षा आखूड निघालं.

आता मनगट मोजा, पण घेर नको. घेर एकच असला तरी कुणाचं मनगट फळीसारखं चपटं असतं, कुणाचं काकडीसारखं गोल. हात टेबलावर पालथा ठेवा, घड्याळ जिथे बांधता तिथे आडवी पट्टी धरा आणि वरचा भाग जिथून खाली वळायला लागतो, त्या दोन कडांमधलं अंतर बघा. एक डोळा मिटून वरून बघितलंत तर चूक कमी होते. १५.५ घेराच्या चपट्या मनगटावर हे अंतर ४७ मिलिमीटर येऊ शकतं, गोल मनगटावर ४१लाच संपेल. लग-टू-लग या आकड्याइतकं किंवा त्याहून कमी असेल तर घड्याळ बिनधास्त घ्या. एक-दोन मिलिमीटर जास्त असेल तर लग खाली वळलेले आहेत का ते बघा. वळलेले असले तर चालून जातं. सपाट, बाहेर पसरलेले लग असतील तर नाही.

दुकान लांब असेल तर पुठ्ठ्याचा तुकडा त्या लांबीचा कापून मनगटावर ठेवा. ऐकायला पोरखेळ वाटतो, पण माझे दोन व्यवहार या पुठ्ठ्याने वाचवलेत.

स्टीलच्या पट्ट्याची एक गोम लवकर लक्षात येत नाही. पट्ट्याची पहिली, केसला चिकटलेली कडी काही घड्याळांत लगच्या पुढे ताठ निघते आणि मगच खाली वळते. तसं असेल तर लग-टू-लग ४६ असूनही मनगटाला ते ५०चं लागतं. काही पट्ट्यांत पहिली कडी लगच्या आतच संपते आणि पट्टा तिथूनच खाली पडतो. घड्याळ कडेने धरून बघितलं की दोन सेकंदांत कळतं. माझ्या त्या फसलेल्या घड्याळात ती ताठ निघणारी कडी होती. पट्टा बदलून रबराचा लावला असता तर कदाचित ते माझ्याकडेच राहिलं असतं, पण तेव्हा एवढी अक्कल नव्हती.

रबरी पट्ट्याचंही एक आहे. डायव्हर घड्याळाचा मूळ पट्टा बऱ्याचदा पाणबुड्याच्या सूटवरून बांधता यावा म्हणून लांब दिलेला असतो. सूटचं निओप्रीन (फुगीर रबर) खोल पाण्यात दबून पातळ होतं (१० मीटरवरच दाब दुप्पट होतो) आणि वर घट्ट बांधलेला पट्टा खाली सैल पडतो. म्हणून सेइकोने १९७५च्या ‘टूना’ या डायव्हर घड्याळाला घड्या असलेला, ताणला जाणारा पट्टा दिला होता. तुमच्या-माझ्यासारख्यांच्या उघड्या मनगटावर मात्र शेवटचं भोक लावूनही तो गोल गोल फिरतो. आखूड पट्टा वेगळा घ्या. नाटो पट्टा घेणार असाल तर घड्याळाच्या पाठीखालून कापड जातं आणि घड्याळ आणखी वर उचललं जातं, हे धरून चाला.

कारण उंची हाही बारीक मनगटाचा शत्रूच. १३-१४ मिलिमीटर जाडीचं ऑटोमॅटिक घड्याळ हलकं असलं तरी डुगडुगतं. जाडी किती यापेक्षा ती कुठे आहे ते बघा: पाठ फुगीर असेल तर घड्याळ त्या फुगवट्यावर तरंगतं, लग हवेत राहतात. पाठ सपाट आणि काच थोडी वर आलेली असेल तर तेवढीच जाडी खपून जाते. वजन खुपत असेल तर टायटॅनियम बघा. तेवढ्याच आकाराच्या स्टीलपेक्षा ते ४० टक्क्यांच्या आसपास हलकं असतं. चरे मात्र लवकर पडतात.

दिसण्याबद्दल एक. डायव्हरची बेझल, म्हणजे काचेभोवतीची आकड्यांची फिरती कडा, रुंद असते, ती डायल खाऊन टाकते. म्हणून ४० मिलिमीटरचं डायव्हर, पातळ कडेच्या ४०च्या साध्या घड्याळापेक्षा लहान दिसतं. काळी बेझल आणि काळा डायल आणखी लहान. पांढरा डायल मोठा. आणि कृपा करून मनगटाचा मोबाइलवर जवळून काढलेला फोटो बघून काही ठरवू नका. त्यात घड्याळ हमखास फुगतं. चार पावलं मागे जाऊन आरशात बघा, लोकांना ते तसंच दिसणार आहे.

नावंच हवी असतील तर: सेइको एसकेएक्स०१३ म्हणजे ००७चं धाकटं भावंड, ३८ मिलिमीटर, लांबी ४४. बंद झालंय, वापरलेलं शोधावं लागेल. त्याच वळणाचं ३८चं नवीन सेइको ५ स्पोर्ट्स मिळतं, पण ते १०० मीटर खोलीपर्यंतचं आहे आणि त्याची चावी (वेळ लावायचं बाजूचं बटण) पेचाने बंद होत नाही. पोहायला ठीक, सिलिंडर लावून खोल जायचं असेल तर मी ते नेणार नाही. खऱ्या डायव्हरसाठी आयएसओ ६४२५ हे मानक आहे. त्यात लिहिलेल्या खोलीच्या सव्वापट दाबावर चाचणी होते आणि अंधारात २५ सेंटिमीटरवरून वेळ वाचता यावी लागते. सेइकोचं ‘मिनी टर्टल’ ४२चं असूनही लांबीला ४३च्या आसपास आहे, गोल मनगटावर ते गोट्यासारखं चपखल बसतं. खिसा मोठा असेल तर ट्यूडर ब्लॅक बे फिफ्टी-फोर: ३७ मिलिमीटर, लांबी ४६, जाडी सव्वाअकराच्या आत. ३७ म्हणजे खेळण्यातलं, असं कुणी म्हणालं तर सांगा की ट्यूडरचं १९५४चं पहिलं डायव्हरही एवढंच होतं. एवढ्या लहान बेझलवरचे आकडे दाटीवाटीने बसतात आणि ओल्या बोटांना ती फिरवायला जरा त्रास होतो, ही तक्रार मात्र खरी आहे.

चावी चार वाजताच्या जागी असलेलं घड्याळ मिळालं तर बारीक मनगटाला सुख. तीनवर असली की हात मागे वाकवताना ती तळहाताच्या पाठीत रुतते. घड्याळ मनगटाच्या हाडाच्या वर, कोपराच्या बाजूला बांधलंत तर हा त्रास निम्मा होतो.

घेण्याआधी दुकानदाराला एक विचारा: पट्ट्याच्या किती कड्या निघतात? क्लॅस्पजवळच्या (पट्टा बंद करायच्या खिट्टीजवळच्या) काही कड्या कायमच्या जोडलेल्या असतात, आणि १५.५च्या मनगटाला सगळ्या काढूनही पट्टा सैलच राहतो असं होऊ शकतं. क्लॅस्पही आखूड बघा. सूटवरून बांधण्यासाठी आत जास्तीची पट्टी असलेले क्लॅस्प लांब नि ताठ असतात, मनगटाच्या खाली ते वळत नाहीत. आणि कड्या काढताना दोन्ही बाजूंनी सारख्या काढू देऊ नका. सहाच्या बाजूच्या एक-दोन जास्त काढायला सांगा, म्हणजे क्लॅस्प मनगटाच्या बरोबर मध्ये येईल आणि घड्याळ बाहेरच्या बाजूला कलणार नाही.