जीपचा ‘टॉप स्पीड’ : कमाल वेग की वेगमर्यादा?

प्रश्न असा आहे : लष्करी जीपगाड्यांवरच्या एका लेखाचा अनुवाद करताना ‘टॉप स्पीड’ला काय लिहावं? कमाल वेग, सर्वोच्च गती की वेगमर्यादा? आणि शाळेच्या पुस्तकात ‘चाल’ असते, ती का चालत नाही?

‘चाल’चं आधी उरकून टाकू. विज्ञानाच्या पुस्तकात दिशेचा विचार नसेल तर चाल आणि दिशेसकट असेल तर वेग, असा भेद केलेला आहे. वर्गात तो हवाच. वर्गाबाहेर मात्र ‘जीपची कमाल चाल’ म्हटलं की डोळ्यांपुढे घोडा येतो, नाहीतर बुद्धिबळाचा पट. ‘गती’ म्हणजे मुळात हालणं. एखाद्याला गणितात गती असते, जीपला वेग असतो. ‘सर्वोच्च’मध्ये उंची आहे, ते शिखराला आणि न्यायालयाला शोभतं. आपल्याकडे कमाल तापमान आहे, कमाल जमीनधारणा आहे, तेव्हा कमाल वेगच बरा. शब्द अरबी, मूळ अर्थ पूर्णत्व. ‘कमाल केलीस!’ मधली कमालही हीच.

खरी गंमत ‘वेगमर्यादा’मध्ये आहे. कमाल वेग हा गाडीचा गुण, तर वेगमर्यादा कुणीतरी घालून दिलेली असते. घाटातल्या पाटीवर असते ती वेगमर्यादा. पण दुसऱ्या महायुद्धातल्या विलीज जीपच्या डॅशबोर्डवर जी धातूची पट्टी असे, तिच्यावरचे आकडे यांपैकी कशात मोडतात? कोणत्या गिअरमध्ये जास्तीत जास्त किती वेगाने हाकायची परवानगी आहे, ते तिथे मैलांत कोरलेलं असे. पहिल्यात २४, दुसऱ्यात ४१, तिसऱ्यात ६५. म्हणजे ताशी सुमारे ३९, ६६ आणि १०५ किलोमीटर. लो रेंज, म्हणजे जोर वाढवून वेग कमी करणारी गिअरांची जादा जोडणी, टाकली की तिसऱ्या गिअरचे ६५ थेट ३३ वर येत. आज सगळीकडे या जीपचा ‘टॉप स्पीड’ म्हणून छापला जातो तो हाच ६५ मैलांचा आकडा, आणि पट्टीवर तो चालकाला दिलेली ताकीद म्हणून आलेला आहे. त्यापलीकडे दामटली तर इंजिन झेपेल त्याहून जास्त फेरे घेणार. इंजिन साठ अश्वशक्तीचं, तीही मिनिटाला ४००० फेऱ्यांवर. उतारावर चुकीच्या गिअरमध्ये सोडलेली जीप हे फेरे सहज ओलांडते, म्हणून प्रत्येक गिअरचा आकडा वेगळा.

इथे आपल्या बैलगाडीवाल्यांची भाषा फार कामाची आहे. बैलाला पळ असते किंवा ओढ असते. दोन्ही एकाच जोडीत पुरेपूर मिळणं कठीण. जीपचंही तसंच. चिखलातून तोफ ओढायची तर चाकापर्यंत जोर पोचला पाहिजे. जोर वाढवायला इंजिनाचे फेरे दातेरी चाकांनी कमी करत न्यायचे, आणि फेरे कमी झाले की पळ गेली. या जीपचं इंजिन साधारण पाच वेळा फिरतं तेव्हा चाक एकदा फिरतं, तेही सगळ्यात वरच्या गिअरमध्ये.

मग मोठं इंजिन बसवलं की झालं, असं वाटेल. १९८० च्या दशकात अमेरिकी सैन्यात जीपच्या कामासाठी हमवी ही मोठी, रुंद गाडी आली. ६.२ लिटरचं डिझेल इंजिन, १५० अश्वशक्ती, जीपच्या अडीचपट. आणि वेग? ताशी ११० किलोमीटरच्या आसपास. ती वाढीव ताकद दुपटीहून जास्त वजनात, रुंद खाचांच्या टायरांत आणि चाकातल्या जास्तीच्या गिअरांत खर्ची पडली. त्या गिअरांमुळे गाडीचं पोट जमिनीपासून उंच राहतं. उंच गाडी वळणावर जपून घ्यावी लागते, ते वेगळंच.

पण हे सगळं डांबरावरचं. डांबर सोडलं की आकडा इंजिन ठरवत नाही, पाठीचा कणा ठरवतो. अमेरिकी सैन्याने १९६० च्या दशकात माणसांना हादऱ्यांच्या खुर्चीत बसवून मोजलं : चालकाच्या शरीरात मुरणारी हादऱ्यांची शक्ती सहा वॅटपेक्षा जास्त झाली की तो आपसूक पाय उचलतो. तेव्हापासून एखाद्या खडबडीत जमिनीवर गाडीचा वेग सांगताना हे सहा वॅट कुठे गाठले जातात ते बघतात. माझ्या मामांकडे लिलावात घेतलेली एक जुनी जीप होती. शेतातल्या ढेकळांवर काटा तिशीकडे सरकला की मामा स्वतःच म्हणत, “बास, आता दात हलायला लागले.” वॅटबिट त्यांना ठाऊक नव्हते. या वेगाला मराठीत शब्द नाही; मी ‘सोसवेल तो वेग’ असं लिहितो. ‘सहनीय वेग’ कुणी लिहू नये, ही विनंती.

तेव्हा अनुवादात आकडा गाडीच्या क्षमतेचा असेल तर ‘कमाल वेग’, पट्टीवरचा असेल तर ‘वेगमर्यादा’, आणि शेताबांधावरचा असेल तर तो ‘आडरानातला’ हे सांगूनच. ‘ऑफ-रोड’ला ‘रस्त्याबाहेरील’ करू नका. तसं केल्यास गाडी गटारात गेल्यासारखी वाटते. आणखी एक, ‘१०५ किमी प्रति तास’ कशाला? ‘ताशी १०५ किमी’ लिहा.