पेरणी यंत्राची खताची पेटीच आधी का गंजते?

तुमचा प्रश्न असा आहे: ट्रॅक्टरच्या पेरणी यंत्राची बियाण्याची पेटी अजून धडधाकट आहे, पण खताची पेटी तिसऱ्याच वर्षी तळातून जाळी झाली. दरवर्षी मृगाच्या आधी रंग देऊनही गंज थांबत नाही, तर करावं काय?

लातूर जिल्ह्यात माझं फॅब्रिकेशनचं दुकान आहे. मे महिना लागला की दारात पेरणी यंत्रांची रांग लागते, आणि त्यातली बरीचशी खताच्या पेटीचा तळ बदलायलाच आलेली असतात. म्हणून थोडं सविस्तर सांगतो.

तुम्ही रंग देता मे महिन्यात, पण पेटी गंजते ती पेरणी उरकल्यावर. सोयाबीन पेरून झालं की यंत्र गोठ्याच्या कडेला लागतं. पेटीच्या कोपऱ्यात मूठ-दोन मुठी खत तसंच राहतं. खत हवेतली ओल ओढून घेतं. पावसाळ्यात युरियाचं फोडलेलं पोतं कसं पाझरतं ते तुम्ही पाहिलंच असेल. तोच प्रकार पेटीत होतो आणि तळाशी खारं पाणी साचतं.

लोखंड गंजायला पाणी आणि हवेतला ऑक्सिजन दोन्ही लागतात. पत्र्यावर एका जागी लोखंडाचे अणू इलेक्ट्रॉन मागे सोडून पाण्यात उतरतात. ते इलेक्ट्रॉन पत्र्यातूनच दुसऱ्या जागी जातात आणि तिथं पाणी नि ऑक्सिजन मिळून ते घेतात. थोडक्यात, पत्र्यावरच एक बारीक बॅटरी चालू होते. साध्या पाण्यातून वीज कमी वाहते, म्हणून ती मंद चालते. क्षार विरघळले की जोरात चालते. पोटॅश म्हणून आपण टाकतो ते एमओपी म्हणजे पोटॅशियम क्लोराइड, मिठाचं सख्खं भावंड. बियाण्याच्या पेटीत हे खारं पाणी नसतं, म्हणून ती टिकते.

यात एक गोष्ट बऱ्याच जणांना उलटी वाटते. जिथं ऑक्सिजन जास्त पोचतो तिथं नाही, जिथं कमी पोचतो तिथं लोखंड झिजतं. खताची ढेप पत्र्याला चिकटली की तिच्याखाली हवा पोचत नाही, कडेला पोचते. कडेच्या ऑक्सिजनसाठी लागणारे इलेक्ट्रॉन ढेपेखालचं लोखंड पुरवतं. ढेप खरवडून काढा, खाली खड्डा सापडेलच.

परवाच एक पेटी आली. वरून लालभडक रंग, एकदम नवी वाटावी अशी. तळाला पेचकस टेकवला तर आरपार गेला. रंग नखानं उचलला तर खाली खारीसारखे पापुद्रे, एकावर एक. लोखंडाचा गंज झाला की तो मूळ लोखंडापेक्षा कितीतरी जास्त जागा घेतो आणि वरचा रंग उचलून टाकतो. गंजावरच रंग मारला तर गंज आतल्या आत चालूच राहतो, फक्त तुम्हाला दिसत नाही.

तेव्हा पहिलं काम पेरणी संपेल त्याच दिवशी करा. उरलेलं खत काढा, पेटी भरपूर पाण्यानं धुवा, कोपरे ब्रशनं घासा. मग कॉम्प्रेसरची हवा मारून कोरडी करा आणि आतून ऑइलचा पातळ हात फिरवा. पुढच्या पेरणीआधी तो पुसून घ्या, नाहीतर खत चिकटतं. रबरी नळ्यांना मात्र ऑइल लावू नका, त्या फुगतात. यंत्र छपराखाली लावा, झाकण उघडं ठेवा. रब्बीत हरभरा पेरल्यावर पुन्हा हेच. हा अर्ध्या तासाचा उद्योग माझ्या मते कुठल्याही महागड्या रंगापेक्षा जास्त मोलाचा आहे.

रंग द्यायचाच तर ग्राइंडरला वायर ब्रश लावून पांढरं लोखंड दिसेपर्यंत घासा आणि प्रायमर त्याच दिवशी मारा. खताच्या पेटीला आतून साध्या रेडऑक्साईडपेक्षा दोन डब्यांचा इपॉक्सी चांगला.

आता माझी एक चूक सांगतो, म्हणजे तुम्ही करणार नाही. काही वर्षांपूर्वी एका शेतकऱ्याला मी तळाला स्टेनलेस स्टीलचा पत्रा लावून दिला आणि बाजू साध्या लोखंडाच्याच ठेवल्या. मला वाटलं, पक्कं काम झालं. दोनच पावसाळ्यांत जोडाशेजारचं लोखंड खाऊन गेलं. दोन वेगळे धातू एकमेकांना लागून ओलसर खाऱ्या जागी असले की त्यातला जास्त क्रियाशील धातू झिजतो आणि दुसरा वाचतो. इथं लोखंड गेलं, स्टील वाचलं. त्या माणसाला मी बाजू पदरच्या पैशानं बदलून दिल्या. स्टील लावायचं तर अख्खी पेटी स्टीलची करा.

हाच नियम जस्ताच्या बाबतीत आपल्या कामी येतो. जस्त लोखंडापेक्षा जास्त क्रियाशील, म्हणून जीआय पत्र्यावर (म्हणजे जस्ताचा थर दिलेल्या लोखंडी पत्र्यावर) ओरखडा पडला तरी शेजारचं जस्त स्वतः झिजतं आणि लोखंडाला राखतं. पण जीआयला वेल्डिंग केलं की त्या जागेचं जस्त पांढरा धूर होऊन उडून जातं (हा धूर छातीत गेला तर रात्री थंडीताप भरतो, काम उघड्यावरच करून घ्या). तिथं जस्ताचा रंग मारायलाच हवा. आणि खतापुढे जस्तही फार दिवस तग धरत नाही, त्यामुळे जीआयची पेटी केली तरी धुणं चुकत नाही.

तुमच्या पेटीला भोकं पडलीच आहेत, तर वरून ठिगळ मारू नका. ठिगळाच्या फटीत खत शिरतं आणि तिथूनच पुन्हा सुरुवात होते. चांगलं लोखंड लागेपर्यंत तळ कापून काढा, 16 गेजचा नवा पत्रा बसवा आणि वेल्डिंग करणाऱ्याला सांगा की आतून टाके मारून सोडू नको, अखंड भर.