पाठमोरा रडणारा नवरा

प्रश्न : लहानपणी मिरजेत आमच्या गल्लीच्या गणपतीत चादर बांधून चॅप्लिनचा मूकपट दाखवला होता. बायको सोडून जाते, नवरा पाठमोरा उभा राहून रडतो आणि लोक खो खो हसतात, एवढं आठवतं. नाव काय? शेवटी ती श्रीमंत बाई फाटक्या चार्लीला मोटारीत घालून नेते, असं मी म्हणतो. धाकटा भाऊ म्हणतो, नाही. मिसळीची पैज आहे.

उत्तर : मिसळ तुम्ही द्यायची.

सिनेमा ‘द आयडल क्लास’, १९२१ चा, दोन रिळांचा. तो नवरा रडत नसतोच. दारू सुटेपर्यंत वेगळी राहीन, अशी बायकोची चिठ्ठी वाचून तो पाठ फिरवतो, खांदे गदगदा हलू लागतात. वळतो तर हातात कॉकटेल हलवायचं भांडं! फिल्म सोसायटीत प्रोजेक्टर चालवायचो तेव्हा ही जागा आली की मी पडद्याऐवजी लोकांची तोंडं बघायचो. ‘अरेरे’ म्हणायला उघडलेलं तोंड तसंच हसायला लागायचं.

नवराही चॅप्लिन, भटक्याही चॅप्लिन. बायको एडना पर्व्हियन्स. श्रीमंत मंडळी आगगाडीच्या डब्यातून उतरतात, भटक्या गाडीच्या तळातून, गोल्फच्या काठ्यांसकट. घोड्यावरची एडना दिसताच याच्या डोक्यात तिला वाचवण्यापासून लग्नापर्यंत सगळं उरकतं. प्रत्यक्षात जवळ जायला मिळतं ते वेषांतराच्या मेजवानीत, तेही ती याला नवरा समजते म्हणून. खरा नवरा चिलखतात, तोंडावरची झडप अडकलेली. झडप उघडली की भटक्याचं काम संपलं.

तुमची मोटार ‘द व्हॅगाबाँड’मधली, १९१६ ची. तिथे चार्ली रस्त्यावरचा फिडलवाला आणि एडना जिप्सींनी पळवलेली पोर. कापडाचं टोक कानानाकात घालून तो तिचं तोंड असं घासतो की मला माझी आजीच आठवते. पुढे एक चित्रकार तिचं चित्र काढतो, अंगावरच्या खुणेवरून श्रीमंत आई तिला ओळखते आणि घेऊन जाते. थोडं अंतर गेल्यावर पोरगी मोटार मागे वळवायला लावते, चार्लीला आत ओढते. नायिका एकच, म्हणून तुमची गल्लत. दोन्ही सिनेमे एकाच रात्री लागले असतील तर नवल नाही.

पैज बाजूला ठेवून सांगतो, मला १९२१ चाच शेवट आवडतो. एडना वडिलांना म्हणते, जा, त्याची माफी मागा. ते हात पुढे करतात. चार्ली त्यांच्या बुटाकडे बोट दाखवतो, ते बघायला वाकतात, मागून सणसणीत लाथ बसते आणि हा पसार.