टायमिंग चेनच्या रंगीत कड्या दोन फेऱ्यांनंतर जुळत नाहीत, आणि जुळायच्याही नसतात

तुमचा प्रश्न असा: नऊ वर्षांची पेट्रोल हॅचबॅक, सकाळी पहिल्या स्टार्टला दोन-तीन सेकंद खडखड, चेक लाइट लागली, स्कॅनरवर पी००१६ आला. गॅरेजवाला म्हणतो चेन ताणली. तुम्हाला विचारायचंय की चेन न बदलता टायमिंग नुसतं जुळवून मिळेल का, बदलली तर ती बरोबर बसली हे कसं ओळखायचं, आणि खर्च किती येईल.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर: नाही, नुसतं जुळवून मिळणार नाही. टायमिंग चेन म्हणजे खालच्या क्रँकला (पिस्टन ज्याला फिरवतात तो दांडा) वरच्या कॅमशी (व्हॉल्व उघडणारा दांडा) जोडणारी साखळी. चेन 'ताणते' म्हणजे प्रत्येक कडीची पिन आणि पिनेभोवतीचं भोक झिजतं. शंभरावर कड्या, प्रत्येकीत केसाएवढी झीज, आणि सगळ्यांची बेरीज होऊन कॅम क्रँकच्या मागे पडतो. ही पिछाडी थोड्या अंशांची असते. आता क्रँकच्या गिअरला समजा २० दात आहेत, तर एक दात म्हणजे क्रँकचे १८ अंश. पाच-सहा अंशांची झीज भरून काढायला १८ अंशांची उडी मारतो म्हणणाऱ्याकडे गाडी सोडू नका. आणि चेन खरोखरच एखादा दात सुटून सरकली असेल, तर ती का सरकली ते आधी शोधा. टेन्शनर (चेन ताणून धरणारा भाग) गेलाय, गाइड (चेन जिच्यावरून घासत जाते ती पट्टी) झिजलंय की ऑइलच पोचत नाही? ते न बघता नुसती मार्किंगला बसवली तर परत सरकेल, आणि पुढच्या वेळी व्हॉल्व पिस्टनला भिडून वाकतील. मग हेड उतरवायचं काम आलंच.

दुसऱ्या प्रश्नासाठी मात्र मी मुद्दाम लिहायला बसलोय. ह्याच मुद्द्यावरून आमच्या घरात इतकी वर्षं वाद आहे आणि तो अजून मिटलेला नाही.

आमचं गॅरेज पुण्यात धायरीत आहे, माझं आणि माझ्या चुलतभावाचं. तो मोठा, सगळे त्याला दादा म्हणतात. एका वर्षी गणपतीच्या तोंडावर कोथरूडच्या एका बाईंची गाडी चेनच्या कामाला आली. दोन कॅमचं पेट्रोल इंजिन. बाईंना चतुर्थीच्या आत कोकणात पोचायचं होतं, घरचा गणपती होता त्यांचा. दादा पुढचं ऑइल सील आणि सीलंट आणायला नाना पेठेत गेला होता, आणि सणाच्या दिवसांत नाना पेठेत गेलेला माणूस लवकर परत येत नाही. चेन मी बसवली.

१ नंबरचा पिस्टन टॉपला, म्हणजे सगळ्यात वर आणला, आणि तोही कॉम्प्रेशनचा टॉप. तो टॉप खरा आहे ना हे कॅमकडे बघून कळतं: १ नंबरच्या चारही व्हॉल्ववरून कॅमची नाकं बाजूला वळलेली असतात, म्हणजे व्हॉल्व बंद. क्रँकच्या गिअरवर ठोकलेला बारीक ठिपका ब्लॉकवरच्या खुणेसमोर आणला. वर दोन्ही कॅमच्या गिअरवरच्या रेघा आपापल्या जागी आणल्या. मग नवी चेन. तिच्यात तीन कड्या वेगळ्या रंगाच्या असतात, एक क्रँकच्या ठिपक्यावर, दोन कॅमच्या खुणांवर. टेन्शनरच्या विरुद्ध बाजूची चेन ताठ ठेवायची, सगळी ढील टेन्शनरकडे. दोन्ही गाइड लावले, टेन्शनर बसवला, त्याचा प्लंजर (आतला दांडा) दाबून धरणारी पिन ओढली. 'टक' असा आवाज होऊन प्लंजर पुढे येतो आणि गाइड चेनवर टेकतं.

चारही प्लग आधीच काढून ठेवले होते, म्हणजे कॉम्प्रेशन आडवं येत नाही. क्रँकच्या पुलीच्या बोल्टला गोटी-पाना लावून इंजिन हाताने फिरवलं. घड्याळाच्या दिशेने, सावकाश, दोन पूर्ण फेरे. क्रँक दोनदा फिरतो तेव्हा कॅम एकदा फिरतो, त्यामुळे दोन फेऱ्यांनी सगळं परत मूळ जागेवर यायला पाहिजे. हात कुठेच अडला नाही. तीनही गिअरच्या खुणा जागच्या जागी आल्या. झालं काम, आता फक्त कव्हर लावायचं होतं.

तेवढ्यात दादा आला. हातातली पिशवी बाकड्यावर ठेवून त्याने बॅटरी मारून आत बघितलं. "अरे, रंगीत कड्या कुठायत?" एक कडी मधल्या गाइडपाशी होती, एक खाली जात होती, तिसरी दिसतच नव्हती. मी म्हटलं, "दादा, दोन फेरे फिरवलेत. कड्या आता नाही जुळणार, गिअरच्या खुणा बघ." तो म्हणाला, "मला नको शिकवूस. कंपनीने काय शोभेला रंगवल्यात का कड्या? दात चुकलाय तुझा." बाई तिथेच उभ्या होत्या. त्यांच्यासमोर वाद वाढवणं मला बरं वाटलं नाही, पण त्याने टेन्शनरला हात घालायच्या आधी मी एक केलं. दोन कॅमच्या खुणांच्या मध्ये चेनच्या किती पिना येतात ते मोजून ठेवलं, कॅमपासून क्रँकच्या ठिपक्यापर्यंतच्याही मोजल्या, आणि आकडे खडूने भिंतीवर लिहिले.

दादाने सगळं उतरवलं. चेन काढली, परत रंगीत कड्या खुणांवर लावल्या, परत सगळं बसवलं. दुपार गेली. त्याचं झाल्यावर मी परत पिना मोजल्या. दोन्ही आकडे तेच. एकही दात इकडचा तिकडे झालेला नव्हता. चेन जिथे होती तिथेच परत बसली होती, फक्त आता रंगीत कड्या समोर दिसत होत्या म्हणून ती 'बरोबर' झाली. मी भिंतीकडे बोट दाखवलं. दादा म्हणाला, "तुझं मोजण्यात चुकलं असेल," आणि सेल्फ मारला. गाडी पहिल्या सेल्फला चालू झाली, ती माझ्या जोडणीवरही तशीच झाली असती. बाई कोकणात वेळेवर पोचल्या, गाडी उत्तम चालली. आणि तेव्हापासून घरातलं कुठलंही कार्य असो, बारसं असो नाहीतर लग्न, पंगतीत दादा सांगतो, "त्या दिवशी मी वेळेवर आलो म्हणून बाईंचे व्हॉल्व वाचले."

तर आता गणित. उदाहरणाला क्रँकचा गिअर २० दातांचा, कॅमचे गिअर ४० दातांचे आणि चेन १३० कड्यांची धरा. क्रँकचे दोन फेरे म्हणजे चेन ४० कड्या पुढे सरकली. गिअर आपल्या जागी आले, पण चेन १३० पैकी ४० कड्यांवरच आहे. रंगीत कडी पुन्हा खुणेवर यायला ४० च्या पटीत चालत १३० ची पूर्ण पट गाठावी लागेल. ती पहिल्यांदा गाठली जाते ५२० ला. म्हणजे कॅमचे १३ फेरे, क्रँकचे २६. तोपर्यंत कड्या खुणांवरून हललेल्याच दिसणार. संकष्टी दर महिन्याला येते, मंगळवार दर आठवड्याला येतो, म्हणून काही दर महिन्याला अंगारकी येत नाही. दात आणि कड्यांची ही संख्या इंजिनागणिक बदलते, काही इंजिनांत यापेक्षा कितीतरी जास्त फेरे लागतात. रंगीत कड्या बसवण्यापुरत्या आहेत. तपासायला गिअरवरच्या खुणा. आणि शंका राहिलीच तर पिना मोजा. काही इंजिनांच्या मॅन्युअलमध्ये दोन खुणांमध्ये किती पिना हव्यात तो आकडा दिलेलाही असतो.

हाताने फिरवण्याला दादा वेळ घालवणं म्हणतो. माझं मत ठाम आहे: जो मेकॅनिक चेन बसवून हाताने न फिरवता थेट सेल्फ मारतो, त्याच्याकडे चेनचं काम देऊ नये. हाताने फिरवताना व्हॉल्व पिस्टनला टेकला तर पाना अडतो, तुम्ही थांबता, नुकसान काही नाही. सेल्फच्या मोटरला हे कळत नाही. आणखी एक, खूण थोडी पुढे गेली म्हणून पाना उलटा फिरवायचा नाही. उलटं फिरवलं की ढील ताठ बाजूला जाते, आणि काही टेन्शनरांवर चेन दात सोडू शकते. पुढे गेली तर आणखी दोन फेरे मारा.

आता तुमच्या गाडीबद्दल, कारण चेन गेलीच आहे असं मी इथे बसून म्हणू शकत नाही, आणि तुमच्या गॅरेजवाल्यानेही नुसत्या कोडवरून म्हणू नये. पी००१६ एवढंच सांगतो की क्रँक आणि कॅमच्या सेन्सरांची वेळ एकमेकांशी जुळत नाही. कारण तो सांगत नाही. चेन झिजली असेल, किंवा व्हीव्हीटीच्या (व्हॉल्व उघडण्याची वेळ पुढे-मागे करणारी यंत्रणा) ऑइल कंट्रोल व्हॉल्वची जाळी गाळाने भरली असेल, किंवा सेन्सरची वायर. रात्रभरात टेन्शनरमधलं ऑइल खाली उतरतं आणि सकाळी प्रेशर येईपर्यंत चेन वाजते, तुमची खडखड त्यातली वाटते. गरम झाल्यावरही वाजत राहिली तर गाइड बघावं लागेल.

म्हणून आधी डिपस्टिक काढा. ऑइल किती आहे, कसं आहे, शेवटचं कधी बदललं, आणि ग्रेड मॅन्युअलमधलीच होती का. पुण्यात तर हे जास्तच बघावं लागतं. हिंजवडीला रोज जाणाऱ्या गाडीचं इंजिन तासन्‌तास जागेवर चालतं आणि मीटर तेवढं पुढे सरकत नाही. मग मालक म्हणतात, अजून १०,००० किलोमीटर कुठे झालेत? किलोमीटर झाले नाहीत तरी वर्ष झालं की ऑइल बदला. चेन इंजिनाच्या आयुष्यभर टिकते असं शोरूममध्ये सांगतात, ते स्वच्छ ऑइलवर टिकते. टेन्शनर ऑइलच्याच प्रेशरवर चालतो.

त्यानंतर उघडायचं. कव्हर काढायच्या आधी क्रँक आणि कॅम सेन्सरचे सिग्नल स्कोपवर (सिग्नलचा आलेख दाखवणारं यंत्र) एकत्र बघता येतात, ज्याच्याकडे स्कोप आहे तो पंधरा मिनिटांत सांगेल. नाहीतर टॅपेट कव्हर काढून चेन दाबून बघा. टेन्शनर काढला की त्याचा प्लंजर किती बाहेर आलाय तो बघणं सगळ्यात खात्रीचं. जवळजवळ शेवटपर्यंत आला असेल तर चेन झिजली, वाद संपला. तेव्हा चेन, टेन्शनर, गाइड आणि सील एकदम बदला. नुसती चेन बदलून जुनं गाइड ठेवणं म्हणजे तेच काम दोनदा करायची तयारी. गिअरचे दात झिजून टोकदार झालेत का तेही बघायला लावा.

दोन-तीन गोष्टी सांगायच्या राहिल्या. मी वर लिहिलं ते मार्किंगवर बसणाऱ्या पेट्रोल इंजिनांबद्दल. १.३ मल्टिजेट डिझेलसारख्या इंजिनात क्रँक आणि कॅम लॉकिंग पिना घालून जागेवर धरतात, तिथे ती हत्यारं नसलेल्याने हात लावू नये. व्हीव्हीटी असेल तर कॅमचा फेझर (कॅमला गिअरच्या मागे-पुढे फिरवणारा भाग) लॉक झालेल्या स्थितीत आहे ना ते बघितल्याशिवाय खुणांवर विश्वास ठेवायचा नाही. घड्याळाची दिशा बहुतेक गाड्यांना लागू आहे, होंडाची काही जुनी इंजिनं उलटी फिरतात. पुलीचा बोल्ट टॉर्क रेंचने, मॅन्युअलमध्ये लिहिलाय तसाच आवळायचा, आणि मॅन्युअल नवा बोल्ट सांगत असेल तर नवाच. आणि दादाबद्दल सांगायचं तर गिअरबॉक्सच्या कामात त्याचा हात धरणारा माझ्या ओळखीत कोणी नाही, माझं म्हणणं फक्त चेनपुरतं आहे.

खर्च मॉडेलवर आणि किट कुठल्या कंपनीचं घेता त्यावर आहे, मी आकडा देणार नाही. मजुरी दोनदा द्यायची नसेल तर किटमध्ये पैसे वाचवू नका. काम देताना एवढं ठरवून घ्या: दोन फेरे फिरवून झाल्यावर, कव्हर लावायच्या आधी, तीनही गिअरच्या खुणांचे फोटो तुम्हाला पाठवायचे. त्या फोटोत रंगीत कड्या भलतीकडे दिसतील. तेव्हा कोणी 'दात चुकला' म्हणून पुन्हा उघडायला निघाला, तर त्याला आधी पिना मोजायला सांगा.