शस्त्र परवाना नाकारला : अपील, पुनर्विलोकन की रिट?

प्रश्न असा : जिल्हाधिकाऱ्यांनी बंदुकीचा परवाना नाकारला आणि अर्जदार उच्च न्यायालयात गेला, तर बातमीत त्याने 'पुनर्विलोकन अर्ज' केला म्हणायचं की 'अपील'?

दोन्ही नको. नुसतं 'पुनर्विलोकन' म्हणजे ज्याने आदेश दिला त्यानेच तो पुन्हा तपासणं. राज्यघटनेच्या अनुच्छेद १३७ नुसार सर्वोच्च न्यायालय स्वतःच्याच निर्णयांचं पुनर्विलोकन करतं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११४ मध्येही शब्दाचा अर्थ तोच. इथे आदेश जिल्हाधिकाऱ्यांचा आहे, न्यायालयाचा नव्हे.

'अपील' हा शब्द या प्रकरणात आधीच एका पायरीला दिलेला आहे. शस्त्र अधिनियम, १९५९ च्या कलम १८ खालचं अपील न्यायालयात जातच नाही. ते वरिष्ठ प्रशासकीय अधिकाऱ्याकडे किंवा शासनाकडे, म्हणजे अपील प्राधिकाऱ्याकडे जातं. मुदत ३० दिवसांची, आणि उशीर झाला तर सबळ कारण दाखवावं लागतं. त्याआधी एक काम बहुतेकांचं राहून जातं : नकाराची कारणं लेखी मागणं. कलम १४(३) प्रमाणे ती नोंदवणं बंधनकारक आहे, पण अर्जदाराला त्यांचा गोषवारा मिळतो तो मागणी केल्यावर, आणि तोही लोकहिताला बाध येत नसेल तर. आदेश शासनाने किंवा शासनाच्या निर्देशावरून दिलेला असेल, तर मात्र अपील नाही.

अपील प्राधिकारी आदेश कायम करू शकतो, बदलू शकतो किंवा फिरवू शकतो, आणि त्याचा निर्णय 'अंतिम' असतो. हा 'अंतिम' फसवा आहे. तो अधिनियमापुरता अंतिम. अनुच्छेद २२६ खालचा उच्च न्यायालयाचा अधिकार घटनेतून येतो, त्या अधिकाराला या 'अंतिम'ने कुलूप लागत नाही.

उच्च न्यायालय जे करतं ते 'न्यायिक पुनर्विलोकन'. यातलं विशेषण गाळलं की अर्थ बदलतो. शिवाय हे अधिकाराचं नाव आहे, कागदाचं नाही. दाखल होते ती रिट याचिका, म्हणजे उच्च न्यायालयाने प्राधिकाऱ्याला आदेश द्यावा अशी विनंती. कलम १८ ची पायरी न चढता थेट याचिका केली, तर 'आधी अपील करा' म्हणून ती परत फिरण्याचीच शक्यता जास्त.

अर्जदाराला बंदुकीची खरंच गरज आहे का, याचा निवाडा न्यायालय सहसा स्वतः करत नाही. ते निर्णय कसा झाला ते बघतं. दिलेलं कारण कलम १४ मधल्या नकाराच्या कारणांत बसतं का? पोलिसांचा प्रतिकूल अहवाल नुसता उतरवून काढला आहे, की त्यावर स्वतंत्र विचार दिसतो? पुरेशी मालमत्ता नाही एवढ्याच कारणाने नकार असेल, तर कलम १४(२) त्याला थेट मनाई करतं. आदेशात नसलेलं कारण मागाहून प्रतिज्ञापत्रात घालूनही चालत नाही. मोहिंदर सिंग गिल प्रकरणात १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं आहे. अर्जावर निर्णयच झाला नसेल, तर मागणी वेगळी : ठरावीक मुदतीत निर्णय घ्या, असा महादेश, म्हणजे प्राधिकाऱ्याला त्याचं कर्तव्य करायला लावणारा न्यायालयाचा आदेश.

यश मिळालं की बातमी येते, 'न्यायालयाने परवाना दिला'. क्वचितच खरं असतं. बहुधा नकाराचा आदेश रद्द होतो आणि प्रकरण फेरनिर्णयासाठी परत जातं. वकील याला 'मॅटर रिमांड झालं' म्हणतात. बातमीत ते तसंच छापलं तर वाचकाला वाटेल अर्जदार कोठडीत गेला! 'रद्द'चंही तेच : 'परवाना रद्द' हे कलम १७ खालचं, आधी मिळालेला परवाना काढून घेणं, 'नकार रद्द' म्हणजे अगदी उलट. काय रद्द झालं ते, म्हणजे वाक्यातलं कर्म, लिहायला कंजुषी करू नये.

मथळ्यात जागा कमी असेल, तर 'परवाना नाकारल्याविरुद्ध उच्च न्यायालयात दाद' लिहावं. 'दाद मागणं' अपिलालाही चालतं आणि रिटलाही. मजकुरात मात्र त्याच माणसाला जिल्हाधिकाऱ्यांपुढे अर्जदार, अपिलात अपीलकर्ता आणि उच्च न्यायालयात याचिकाकर्ता म्हणावं.