पहिल्यांदाच थंडीतल्या भाज्या लावताय?

पहिल्या हंगामात मुळा, पालक, गाजर एवढंच लावा. फ्लॉवर नखरेल आहे, त्याचा मोह आत्ता नको.

माती तापलेली असताना पालक पेरू नका, बी नीट उगवत नाही. फार उशीरही नको: दिवस लहान होतात तशी वाढ मंदावते, म्हणून बियांच्या पाकिटावर दिलेल्या काढणीच्या दिवसांत दोनेक आठवडे वाढवून धरा.

नेहमीच्या चुका:

- गाजर-मुळ्याची रोपं करून लावणं. बी थेट जागेवर, जेमतेम सेंटिमीटरभर खोल पेरा. गाजर उगवायला २-३ आठवडेही लागतात. तोवर वरची माती सुकू देऊ नका.
- विरळणी (दाट उगवलेली जादा रोपं उपटणं) टाळणं. जीव तुटतो, मान्य, पण दाटीत मुळं पोसत नाहीत. उपटलेला कोवळा पाला खाता येतो.
- नत्राचा (नायट्रोजनच्या खताचा) मारा. नुसता पाला माजतो.

खतांचं वेळापत्रक नंतर बघू. मुळा लवकर काढायला येतो, आधी तोच पेरा.