कूलरमधला फेस नेमका कोणाचा?

प्रश्न : पहिला पाऊस पडला तसा आम्ही कूलर बंद केला, टाकीत थोडं पाणी राहूनच गेलं. आठवड्याने झाकण काढलं तर पाण्याच्या वर, आतल्या पत्र्याला, मूठभर पांढरा फेस चिकटलेला, साबण घोटून थापल्यासारखा. शेजारीण म्हणते सापाची थुंकी आहे, हात लावू नको. फेकून देऊ का? (एक काकू, प्रतापनगर)

उत्तर : काकू, सापबिप काही नाही, ते बेडकाचं बाळंतपण आहे! आपल्याकडे बाथरूममध्ये, नाहीतर मीटरच्या डब्यामागे जो मातकट रंगाचा, बारीक कमरेचा, मोठ्या डोळ्यांचा बेडूक भिंतीला चिकटून बसलेला असतो ना, तोच. झाडबेडूक म्हणतात त्याला, शास्त्रीय नाव पॉलिपेडेट्स मॅक्युलॅटस.

मागच्या जुलैत आमच्या गच्चीवर रात्री दीडच्या सुमारास टॉर्च घेऊन मी हा सगळा कार्यक्रम बघितला. मादी ड्रमच्या काठाला उलटी लटकलेली, पाठीवर तिच्यापेक्षा बराच लहान नर, आणि तिच्या अंगातून निघालेला पातळ चिकट द्रव मागच्या पायांनी दोघं असं घुसळत होते जसं काही रवीने ताक करतायत, मग थांबायचं, थोडी अंडी सोडायची, परत घुसळायचं. सकाळपर्यंत फेसाला वरून पापुद्रा धरला होता, आतून मात्र ओलाच. शेकड्यांनी अंडी असतात त्यात. वरून ऊन लागो की वारा, आतली ओल टिकते, आणि खालच्या पाण्यातले मासे नि किडे अंड्यांपर्यंत पोचत नाहीत. काही दिवसांत फेस खालून पातळ होतो आणि पिल्लं टपटप पाण्यात पडतात, म्हणून तर ही मंडळी नेहमी पाण्याच्या बरोब्बर वरची जागा शोधतात. जंगलात डबक्यावर झुकलेली फांदी, नागपुरात तुमचा कूलर.

आता अडचण अशी की साचलेल्या पाण्यात डेंग्यूचे डास पण होतात, त्यामुळे कूलर तसाच राहू द्या असं मी म्हणणार नाही. पापुद्रा धरलेला फेस कलथ्याने अलगद, अख्खाच्या अख्खा सोडवा, एका पसरट टबात एक दिवस उघडं ठेवून क्लोरीन उडालेलं पाणी घ्या, त्यावर जाळी आडवी टाकून फेस ठेवा, भोकं पिल्लू खाली पडेल एवढी मोठी हवीत. सगळ्यावरून मच्छरदानीचा तुकडा बांधा आणि टब सावलीत ठेवा. पिल्लं पडली की अधूनमधून उकडलेल्या पालकाचं एखादं पान द्यायचं. दीड-दोन महिने लागतात, म्हणजे पोळ्याच्या आसपास बोटभरही नसलेले बेडूक काठावर चढायला लागतील, तेव्हा मच्छरदानी काढा. आणि हो, घरात आलेल्या बेडकावर मीठ किंवा फिनाइल टाकू नका, त्याची कातडी फार पातळ असते, सगळं आत शोषून घेते. ओल्या हाताने उचला, कुंडीत सोडा, हात धुवा, झालं.

प्रश्न : आंबोलीला हिरवा उडणारा बेडूक बघितला, वेडच लागलं. असा आपल्या विदर्भात कुठे दिसेल का, नवेगावला वगैरे? (एक वाचक, मनीषनगर)

उत्तर : नाही हो दादा. तो मलबार ग्लायडिंग फ्रॉग, पश्चिम घाटाचा. आंबोलीत वर्षाला सात हजार मिलीमीटरच्या घरात पाऊस पडतो, आपल्याकडे हजार-अकराशे, हिशोब तिथेच संपला. तो उडत नाही तसा, तरंगतो. बोटांमधले लाल-केशरी पडदे ताणून नऊ-दहा मीटर तिरपा खाली येतो.

अशा बेडकाची गोष्ट जगाला नीट कळली ती बोर्निओमुळे. ब्रिटिश निसर्गशास्त्रज्ञ आल्फ्रेड रसेल वॉलेस 1855 मध्ये बोर्निओ बेटावरच्या सारावाकला होता, तिथे एका चिनी मजुराने त्याला एक बेडूक आणून दिला आणि सांगितलं की हा उंच झाडावरून उडाल्यासारखा तिरपा खाली आला. वॉलेसने मोजलं, शरीर चार इंच आणि चारही पायांचे पडदे मिळून बारा चौरस इंच. त्या बेडकाला शास्त्रीय नाव मिळायला मात्र 1895 उजाडलं.

पण मला विचाराल तर उडण्यापेक्षा या झाडबेडकांच्या खानदानाच्या पिल्लं वाढवायच्या तऱ्हा जास्त भारी आहेत. दक्षिणेतल्या घाटात एक इंचभर बेडूक बांबूच्या बारीक चिरेतून आत शिरतो, पोकळ पेरात अंडी, नर तिथेच राखणीला, आणि अंड्यातून थेट छोटा बेडूकच बाहेर, शेपटीवाला टप्पाच नाही. ईशान्य भारतातला फ्रँकिक्झॅलस नावाचा झाडबेडूक तर झाडाच्या ढोलीतल्या पाण्यात पिल्लं वाढवतो आणि आई त्यांना खायला न फळलेली अंडी घालते. एकोणिसाव्या शतकानंतर तो कोणाला दिसलाच नव्हता, दिल्ली विद्यापीठाचे बेडूक-संशोधक बिजू यांच्या टीमने 2016 मध्ये तो परत सापडल्याचं जाहीर केलं.

प्रश्न : बेडूक टाइल्सवरून घसरत का नाही? आणि मे महिन्यात तो मरत कसा नाही? (सातवीतला एक वाचक, महाल)

उत्तर : शाब्बास रे, दुसरा प्रश्न तर मोठ्यांनाही सुचत नाही. त्याच्या बोटांच्या टोकाला गोल गाद्या असतात, त्यावर सहा कोनांच्या बारीक बारीक पेशी आणि मधल्या फटींतून चिकट ओल पसरते. ओली काच काचेवर ठेवली की कशी चिकटते, साधारण तसंच. बोटात एक जास्तीची कूर्चाही (मऊ हाडासारखा तुकडा) असते, त्यामुळे भिंत कशीही वाकडी असो, गादी सपाट टेकते.

आणि नवतपातलं 45-46 डिग्री! हा गडी अंगातून निघणारा द्रव स्वतःच्या पायांनी सगळीकडे पुसून घेतो, अगदी आपण थंडीत तेल लावतो तसं, मग हातपाय पोटाखाली दुमडून गच्च बसतो. पाणी कमी उडतं. त्यात रंगही फिका करतो, चुन्याच्या भिंतीवर तर दिसतच नाही, म्हणूनच इंग्रजीत त्याला चुनाम फ्रॉग म्हणतात. यंदा पाऊस लागला की रात्री खिडकीच्या काचेवर लाइटभोवतीचे किडे खायला येईल तेव्हा आतल्या बाजूने बघ, बोटांच्या गाद्या काचेवर दाबलेल्या एकदम स्पष्ट दिसतात.